एकेचाळीस पंचनाम्यांचे नागोराव

नागोराव तागडे माझे साक्षीदार होते आणि त्यांनी माझी केस बुडवली. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे वाचताना कुणी उगाच आशेवर राहायला नको. इतकी वर्षं झाली, तरी त्या माणसाचा विषय निघाला की मला एका जागी बसवत नाही. राग येतो. तो नेमका कुणाचा, हे अजून धड सांगता येत नाही.

मी पांढरकवड्याच्या कोर्टात वकिली सुरू केली तेव्हा नागोराव तिथे माझ्यापेक्षा जुने होते. धुतलेला पांढरा शर्ट, खिशाला पेन, हातात कापडी पिशवी. कुणाला वाटावं शाळामास्तर आहेत. शिपाई त्यांना बाक मोकळा करून देई. कारण नागोराव पंच होते, आणि एकदा-दोनदाचे नव्हे, कायमचे.

पंच म्हणजे काय, ते कोर्टाची पायरी न चढलेल्यांसाठी सांगते. पोलीस कुठे धाड घालतात, काही जप्त करतात, कुठे प्रेत सापडतं. कायदा म्हणतो, तिथे गावातली दोन भली माणसं हजर ठेवा, त्यांच्यासमोर सगळं लिहा, त्यांना वाचून दाखवा आणि मग सही घ्या. आमच्याकडे होतं ते असं: जमादाराचा निरोप येतो, पंच ठाण्यात जातो, चहा पितो, कोऱ्या कागदांच्या खाली सही करतो आणि घरी येतो. वरचा मजकूर जमादार सवडीनं भरतो. दोन वर्षांनी समन्स निघालं की तोच पंच कोर्टात उभा राहतो आणि शपथेवर सांगतो, “माझ्यासमोर लिहिलं, मला वाचून दाखवलं, सही माझीच आहे.” नागोरावांच्या अशा एकेचाळीस सह्या होत्या.

यात त्यांना काय मिळत होतं? चहा. कधी नाश्ता. आणि एक खुर्ची. त्यांचे वडील लहानुजी गावच्या पंचांच्या बैठकीला बाहेर उन्हात उभे राहत, निरोप पोचवायला. छप्पन्न सालानंतर घरानं दीक्षा घेतली, नागोराव सातवीपर्यंत शिकले, आणि एक दिवस जमादारानं खुर्ची पुढे सरकवून म्हटलं, “या, तागडे, तुम्ही आमचे पंच.” त्या दिवशी त्यांच्यापुढे कुठलाही कागद ठेवला असता तरी त्यांनी सही केली असती. मला हे कळलं तेव्हा मी हसले होते. आज ते आठवलं की माझीच मला लाज वाटते.

आता केस.

दोन हजार सहा साल. त्या वर्षांत कापसाच्या मुलखात कुणी औषध पिऊन गेला म्हटलं की पुढचा प्रश्न कुणी विचारत नसे. ऐकणारा मान हलवी आणि पुढे जाई. गावाचं नाव सांगत नाही. त्याला पुन्हा कोर्टात ओढायचं नाही. त्या गावाला लागून असलेल्या तांड्यावरचा भारत राठोड असाच गेला, असं कागद म्हणत होता. त्याची बायको बिजली नात्यानं माझ्या मावशीकडची. ती माझ्या ऑफिसात आली, पंचनाम्याची नक्कल टेबलावर आपटली आणि म्हणाली, “हे वाच. मोठ्यानं वाच.”

मी वाचलं. “मयत हा राहत्या घरी बाजेवर आढळला. बाजेखाली काचेचा ग्लास, त्यास उग्र वास. पत्नीशी झालेल्या घरगुती वादातून मयताने रागाच्या भरात विषारी औषध प्राशन केले.” खाली दोन सह्या. एक कुणाचीशी वाकडीतिकडी. दुसरी ठळक, संपूर्ण नावाची: नागोराव लहानुजी तागडे.

“वाद कसला?” बिजली म्हणाली. “मी बहिणीच्या बाळंतपणाले गेलती. तो फवाराले गेलता. वावरात मेला तो, घरात नाही. साऱ्या गावाले ठावं हाय. अन् माही सासू म्हन्ते, तू घर सोडून गेली म्हनून माहं पोरगं पेलं. तिनं मले दारातून हाकललं, उज्ज्वला. पोरी तिच्याजवळ हायेत. मले भेटू देत नाही.”

ती आमच्या दोघींच्या घरची बंजारा गोरबोली सोडून मुद्दाम वऱ्हाडीत बोलत होती, जणू मीसुद्धा सरकारच होते. तिला भरपाई नको होती, नोकरी नको होती. तिला ‘प्राशन केले’ हे दोन शब्द खोडून हवे होते, म्हणजे सासू मानीबाई तिला घरात घेईल आणि पोरी परत मिळतील. एवढंच. मला वाटलं, दोन शब्दांचं तर काम आहे.

त्या दोन शब्दांसाठी आम्ही आठ महिने पायाला भिंगरी लावल्यासारखे फिरलो. ठाण्यात अर्ज दिला; त्यांनी ठेवून घेतला. वरच्या साहेबांकडे दिला; त्यांनी चौकशीसाठी खाली पाठवला, म्हणजे ज्याच्याविरुद्ध तक्रार त्याच जमादाराकडे. त्यानं उत्तर लिहिलं की तक्रारीत तथ्य नाही. शेतमालक त्याचा मित्र. गळका पंप देऊन, तोंडाला फडकंसुद्धा न देता मजूर फवारणीला घातला आणि तो मेला, असं कागदावर आलं असतं तर मालकाची चौकशी झाली असती. बायकोशी भांडून प्यायला म्हटलं की कुणाचीच नाही. शेवटी मी कोर्टात खाजगी फिर्याद टाकली: सरकारी नोकरानं जाणूनबुजून खोटा कागद तयार केला. दुसरा पंच तोवर मजुरीला तेलंगणात निघून गेला होता, त्याचा पत्ता लागेना. राहिले नागोराव.

मी त्यांच्या घरी गेले. त्यांच्या बायकोनं, सत्यशीलाबाईंनी, चहा ठेवला. नागोराव म्हणाले, “मी त्या दिवशी गावात नव्हतो.” आणि उठून वावरात गेले. दुसऱ्यांदा गेले तर म्हणाले, “मले आता धड आठवत नाही.” तिसऱ्यांदा मी दार वाजवलं तेव्हा ते मागच्या दारानं गेले. सत्यशीलाबाई म्हणाल्या, “बाई, तुमी येऊन गेल्या का हा मानूस जेवत नाही. अंगनात चकरा मारते. काय केलं यानं, मले तरी सांगा.” मी काय सांगणार! मी तणतणत जीपमध्ये बसले आणि मनात त्या म्हाताऱ्याला वाट्टेल ते बोलले.

पुढच्या बाजाराच्या दिवशी ते आपणहून माझ्या ऑफिसात हजर. मी खुर्ची दिली, बसले नाहीत. खिडकीशी गेले, दाराशी गेले, परत खिडकीशी.

“वकीलबाई, पोराले म्याच उचललं,” ते म्हणाले. “माहं वावर बांधाले बांध लागून हाय. कापसाची पऱ्हाटी छातीएवढी झालती. पंपाचा आवाज बंद झाला म्हनून पाह्यलं, तर हा खाली. तोंडाले फेस. पंप पाठीवरच. गळून गळून पाठ सारी भिजेल.”

“मग? पुढे?”

“पंप काढाले गेलो तर पट्टा निघेना. भिजून फुगलता, बक्कल अडकेल. मंग दातानं सोडला. त्या औषधाची चव दोन दिवस तोंडातून गेली नाही, बाई. दोन दिवस ओकत होतो. ट्रॅक्टरवर टाकून नेलं, रस्त्यातच गेला.”

“आणि दुसऱ्या दिवशी तुम्ही कोऱ्या कागदावर सही केली?”

“हाव.”

“का?”

“निरोप आलता,” ते म्हणाले. जणू याहून वेगळं उत्तर असूच शकत नाही. मग दाराशी जाऊन परत येत, “मले वाटलं, जे झालं तेच लेहतीन. कोन्या मेलेल्या मानसाबद्दल कायले खोटं लेहतीन?”

एकेचाळीस कागदांवर सही केलेल्या माणसाला असं वाटलं होतं! मला हसावं की रडावं कळेना. पण मी वकील होते, आणि मला माझा साक्षीदार मिळाला होता.

साक्षीची तारीख लागायला दोन वर्षं गेली. त्या दोन वर्षांत नागोरावांचं सुखाचं असं काही राहिलं नाही. जमादार दारावरून मोटारसायकल हळू नेई. मालकाची माणसं विहिरीवर भेटत. ठाण्यातली खुर्ची तर गेलीच. पण मला वाटतं, त्यांना याहून दुसऱ्याच गोष्टीनं पोखरलं होतं. ते दर तारखेला येत, साक्ष नसली तरी येत, आणि व्हरांड्यात या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत राहत. एकदा मी वैतागून म्हटलं, “काकाजी, बसा हो कुठेतरी, माझं डोकं फिरतं.” ते थांबले आणि म्हणाले, “वकीलबाई, देवसिंगच्या घरी दारू सापडली नव्हती का मंग?”

देवसिंग त्याच तांड्यावरचा. हातभट्टीच्या केसमध्ये आठ महिने आत होता. पंच नागोराव.

“ते मला विचारू नका,” मी म्हटलं. “आणि कोर्टात कुणी विचारलं, तर ‘आठवत नाही’ म्हणायचं. जुन्या कुठल्याही केसचं विचारलं तरी एकच उत्तर: आठवत नाही. समजलं?”

त्यांनी मान हलवली. मी हे त्यांना चार वेळा शिकवलं. शपथेवर खोटं बोलायला जमादारानं शिकवलं ते पाप, आणि मी शिकवलं ती तयारी.

साक्षीच्या दिवशी कोर्ट भरलेलं होतं. जमादार ताठ बसला होता. त्याच्या मागच्या बाकावर, मालकाच्या गाडीतून आणलेली मानीबाई. आरशांची जुनी चोळी, दंडावर ढिल्या झालेल्या बांगड्या, तोंड बिजलीपासून फिरवलेलं. पोलिसांकडे मानीबाईचा जबाब होता, की मुला-सुनेचं पटत नव्हतं. गरज पडली तर तिला उभी करायची म्हणून तिला आणलं होतं. देवसिंगही आला होता, का ते मला ठाऊक नव्हतं. तो दाराशी उभा होता.

माझे प्रश्न नीट झाले. वावर, पंप, ट्रॅक्टर, कोरे कागद. नागोरावांनी मोजकी उत्तरं दिली. मग जमादाराचा वकील उठला. मोठा तयारीचा माणूस. त्यानं कागदांचा एक गठ्ठा साक्षीदाराच्या पिंजऱ्यावर ठेवला.

“तागडे, या सगळ्या सह्या तुमच्या?”

“हाव.”

“एकेचाळीस पंचनामे. यातल्या सव्वीस केसेसमध्ये तुम्ही याच कोर्टात शपथेवर सांगितलं, की पंचनामा तुमच्यासमोर झाला आणि तुम्हाला वाचून दाखवला. सांगितलं ना?”

“हाव.”

“ते खरं सांगितलं की खोटं?”

मी नागोरावांकडे पाहिलं. आठवत नाही, मी मनात म्हटलं. म्हणा, आठवत नाही. ते माझ्याकडे बघतच नव्हते. ते दाराकडे बघत होते.

“खोटं,” ते म्हणाले.

“किती खोटं?”

“सारं. एकबी माह्यासमोर लेहलं नाही. देवसिंगच्या घरात मी गेलोच नव्हतो. त्याच्या घराचं दार कोन्या बाजूनं हाय, तेबी मले ठावं नाही.”

कोर्टात कुजबुज झाली. वकिलाचा चेहरा खुलला. मी खाली बसले. मला नागोरावांच्या अंगावर फाईल फेकून मारावीशी वाटत होती.

“म्हणजे तुम्ही सव्वीस वेळा शपथ घेऊन खोटं बोललात,” वकील सावकाश म्हणाला. “तर मग आज सत्ताविसाव्या वेळी कोर्टानं तुमच्यावर विश्वास का ठेवावा?”

हा प्रश्न उत्तरासाठी नसतोच. शहाणा साक्षीदार गप्प राहतो. नागोरावांनी दोन्ही हातांनी पिंजऱ्याचा कठडा धरला.

“नका ठेवू,” ते न्यायाधीशांना म्हणाले. “पन साहेब, त्या कागदाईत काय लेहेल हाय, ते मले माहीत नव्हतं. हे मी पाह्यलं. पट्टा म्या दातानं सोडला. तो शुद्धीवर होता. मले म्हने, काकाजी, माह्या याडीले, मायले, सांगू नका. तिनं सकाळीच म्हनलं होतं, तुले ताप हाय, आज फवाराले जाऊ नको, पडून राह्य. ती बाजाराले गेली अन् मी निंगालो. तिले सांगू नका, ती रागावन. म्या त्याले शब्द देला. म्हनून आजलोक कोनालेच सांगतलं नाही.”

हे त्यांनी मलाही सांगितलं नव्हतं. दोन वर्षांत एकदाही नाही.

मागच्या बाकावरून आवाज आला. “काय म्हने तो?”

मानीबाई उभी होती. शिपाई तिला बसवायला धावला. तिनं त्याचा हात झटकला. “मी म्हनलं होतं,” ती कुणाला तरी सांगत होती, जमादाराला, न्यायाधीशांना, भिंतीला. “ताप होता त्याले. घरात दुसरं कोनी नव्हतं. मीच म्हनलं होतं, पडून राह्य. जमादारानं सांगतलं, घरातच पेला; मले वाटलं, तो पडूनच होता.” मग ती नागोरावांकडे वळली. “अजून काय म्हने?”

न्यायाधीशांनी शिपायाला खुणेनं थांबवलं.

“अजून काही नाही, माय,” नागोराव म्हणाले. “मंग ट्रॅक्टर आला.”

बिजली माझ्या शेजारी होती. तिनं माझा हात इतक्या जोरानं दाबला की बांगडी रुतली. मी तिच्याकडे पाहिलं नाही. मला रडायचं नव्हतं, निदान त्या वकिलासमोर नाही.

चार महिन्यांनी निकाल लागला. जमादार आरोपातून मुक्त. निकालात लिहिलं होतं की एकमेव साक्षीदार स्वतःच्याच कबुलीनुसार शपथेवर वारंवार खोटे बोललेला असल्याने त्याच्या कथनावर विसंबता येत नाही. कायद्यानं बघितलं तर निकाल चुकीचा नव्हता, आणि हेच मला जास्त झोंबलं. पंचनामा आजही फाईलला जसाच्या तसा आहे. ‘प्राशन केले.’ मी वर अपिलात जायला निघाले होते. बिजलीच्या तांड्यावर वकीलपत्रावर सही घ्यायला गेले, तर ती सासूच्या अंगणात धाकट्या पोरीची वेणी घालत होती. म्हणाली, “आता कायले?”

मला मात्र चैन पडेना. कारण गोष्ट तिथे संपली नव्हती. जमादाराच्या वकिलानं अर्ज देऊन ठेवला होता: या इसमानं भर कोर्टात खोट्या साक्षीची कबुली दिली आहे, त्याच्यावर कारवाई व्हावी. कोर्टानं दखल घेतली. माझ्या केसमध्ये ज्यानं खोटा कागद लिहिला तो मोकळा सुटला, आणि ज्यानं ते सांगितलं त्याच्या नावानं समन्स निघालं. त्या समन्सवर, आयुष्यात पहिल्यांदाच, नागोरावांचं नाव साक्षीदार म्हणून नव्हतं.

मी त्यांना म्हटलं, “मी तुमचं वकीलपत्र घेते. आपण सांगू, वकिलानं गोंधळात टाकलं, तुमचं वय झालं, तब्येत बरी नव्हती.”

“नको,” ते म्हणाले. “खरं होतं ते.”

“काकाजी, शिक्षा होईल!”

“देवसिंगले झालती ना?”

देवसिंगच्या दारात ते त्याआधीच जाऊन आले होते. सत्यशीलाबाईंनी सांगितलं. देवसिंगनं दार उघडलं, ऐकून घेतलं आणि दार लावून घेतलं. नागोराव दुसऱ्या दिवशी दुसऱ्या गावी गेले, दुसऱ्या पंचनाम्यातल्या माणसाकडे. एकानं शिव्या दिल्या, एक मेलेला निघाला, एकानं ओळखलंच नाही. पिशवीत यादी घेऊन हा माणूस एसटीनं फिरत होता, आणि मी इथे त्यांच्या जामिनासाठी माणूस शोधत होते.

जामीनदार मिळेना. सातबारा असलेल्या माणसानं जामीन राहायचं, आणि गावात सातबारा असलेला प्रत्येक जण मालकाला किंवा जमादाराला बांधलेला. त्यांच्या समाजातल्या दोघांनी आधी हो म्हटलं आणि तारखेच्या सकाळी निरोप धाडला की काम निघालं. साडेअकरा वाजले. नाव पुकारायची वेळ आली. नागोराव व्हरांड्यात चालत होते. मी फाटकापर्यंत जाऊन परत येत होते. आज यांना आत ठेवतील, असंच दिसत होतं.

तेवढ्यात काळीपिवळी जीप थांबली आणि मानीबाई उतरली. मागून बिजली. मानीबाईनं चोळीतून प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेला कागद काढला आणि माझ्या हातात दिला. तांड्यामागच्या दीड एकराचा सातबारा, तिच्या एकटीच्या नावावर.

“हे चालते का?” तिनं विचारलं.

“चालतं,” मी म्हटलं. “पण याडी, ते तारखेला आले नाहीत तर तुझ्या जमिनीवर येईल.”

“येते तो,” ती म्हणाली. तिनं नागोरावांकडे बघितलंसुद्धा नाही, सरळ कारकुनाच्या टेबलाशी जाऊन उभी राहिली.

कारकून फॉर्म भरू लागला. जामीनदाराचं नाव, मानीबाई राठोड. वय, अंदाजे. आरोपीचं नाव, नागोराव लहानुजी तागडे. मग त्यानं पेन थांबवलं. “आरोपीशी नातं?”

“घरचा मानूस हाय, लिव.”

कारकुनानं दोन्ही आडनावांवरून पेन फिरवलं, राठोड आणि तागडे, आणि माझ्याकडे पाहिलं.

“ती सांगते तेच लिहा,” मी म्हटलं.